मापवहीतलं दुसरं अक्षर

गप्प राहून मास्तरांना मिळणार होतं ते एवढंच: "कापड कापावं तर मास्तरांनीच" हे गल्लीतलं मत आणखी काही वर्षं टिकलं असतं. त्यासाठी पणाला काय लागलंय, हे मोजायला ते विसरले. वीतभर चिंधी टाकायला ज्याचं मन होत नाही तो माणूस अशा वेळी भलताच उदार होतो.

शिवणकामाचं दुकान भाड्याचं, दोन मशिनी जेमतेम मावतील एवढं. जागेच्या मालकाचा कोर्टात दावा असा, की डोळ्यांचं ऑपरेशन झाल्यावर मास्तरांनी दुकान आठ महिने बंद ठेवलं. वापरत नसाल तर जागा सोडा. म्हणणं धादांत खोटं. दुकान रोज उघडत होतं, फक्त कापत होती मास्तरांची बायको. गिऱ्हाइकांना ती सांगायची, "माप मी घेते, कापतात तेच, घरी बसून." मास्तर घरी काळा चष्मा लावून रेडिओ ऐकत. पुढेही त्यांची नजर कापण्याएवढी सुधारली नाही, कात्री तिच्याकडेच राहिली.

त्या आठ महिन्यांची मापवही होती. रोजची तारीख, नाव, छाती, कंबर, बाही, सगळं मास्तरांच्या नव्हे, बायकोच्या गोल अक्षरात, आणि दर ओळीशेवटी "मी कापलं" अशी नोंद. मास्तरांनी ती ट्रंकेत घातली. वकिलाने "कागद काय आहेत?" विचारलं तेव्हा "काही नाहीत" म्हणाले. दोन गिऱ्हाइकं साक्षीला आली आणि तारखा विचारताच गडबडली. असं करत तीन वर्षं गेली. पुरावे द्यायची वेळ संपली, फक्त वकिलांचा युक्तिवाद उरला. तेव्हा बायकोने ट्रंक उघडली आणि वही वकिलाच्या टेबलावर आणून ठेवली.

"वहिनी, हे आज दाखवताय?" वकील कपाळाला हात लावून म्हणाला.

"मला आधी कोणी विचारलं होतं?"

उशिरा आलेला कागद घ्यायचा की नाही, हे न्यायाधीशांच्या मर्जीवर. मर्जी व्हायला उशिराचं कारण लागतं. वकिलाने अर्जात लिहिलं की वही पत्नीकडून घरात गहाळ झाली होती. मास्तरांनी न वाचता सही केली.

न्यायाधीशांची ती सकाळपासूनची एकविसावी फाइल होती. वर पंखा खडखडत होता. मालकाचा वकील उठला, "तीन वर्षांनी वही बरी सापडली! पेन्सिलीने लिहिलेली. परवा बसून लिहिली नाही कशावरून?"

न्यायाधीशांनी पानं चाळली. "अक्षर कोणाचं?"

"हिचं," मास्तर म्हणाले.

"आणि गहाळही यांनीच केली?"

मास्तरांनी मागे पाहिलं. शेवटच्या बाकावर बायको मांडीवर पिशवी घेऊन बसली होती. आठ महिने तिने कापलेलं त्यांच्या नावावर खपलं होतं. आता हरवलेलं तिच्या नावावर जाणार होतं. नुसतं "हो" म्हणायचं होतं. वकील पायाने खुणावत होता.

"नाही साहेब. मीच ट्रंकेत ठेवली होती. ही कापते हे लोकांना कळू नये म्हणून."

न्यायाधीशांनी चष्मा काढून डोळे चोळले. "खरं बोललात, बरं वाटलं. पण हरवली असती तर मी विचार केला असता. हातात असून दडवलेली वही आता घेतली, तर समोरच्याने तीन वर्षं कशाशी लढायचं? अर्ज नामंजूर."

बाहेर जिन्यात वकील म्हणाला, "मास्तर, एक शब्द! एक शब्द बोलायचा होता."

बायको पायऱ्या उतरता उतरता म्हणाली, "तीन वर्षं तोंड शिवून बसलात. उसवायला आजचाच दिवस मिळाला?"

"तुझ्यावर ढकलायचं होतं का मी?"

"ढकलायचं की! मला सवय आहे. दुकान तरी राहिलं असतं."

तिच्या आवाजात राग नव्हता. रागाला लागतं तेवढं बळ उरलं नव्हतं. मास्तरांनी तिच्या हातातली पिशवी घ्यायला हात पुढे केला. तिने दिली नाही.

पुढच्या महिन्यात निकाल लागला: साठ दिवसांत जागा रिकामी करा. मालकाची तीन वर्षं हेलपाट्यांत गेली, वकिलाचं एक खोटं फुकट गेलं, मास्तरांची गेली ती ऐट. दुकान मात्र गेलं बायकोचं, कारण शेवटपर्यंत कात्री तिच्याच हातात होती. आणि भाडेपावतीपासून निकालापर्यंत एकाही कागदावर तिचं नाव नव्हतं.