करंगळीचा उशीर

डॉक्टरांनी उजव्या खांद्याला सक्तीची विश्रांती सांगितली, तेव्हा भुपेंद्र रहांगडालेने मुंबईच्या ऑर्केस्ट्रातली तेवीस वर्षांची नोकरी सोडली आणि तो गावी, सिहोऱ्याला, आईकडे राहायला आला. मागोमाग टेम्पोतून त्याचा डबल बास आला. व्हायोलिनच्याच घाटाचं, पण माणसापेक्षा उंच वाद्य. उतरवायला चौघे लागले.

शेजारच्या कृष्णरावांना वाटलं, ऑर्केस्ट्रा म्हणजे लग्नातला.

"नाही काका. पन्नास-साठ जण मिळून वाजवतात. सगळ्यांच्या खाली जो जाड सूर चालते, तो आमचा."

"वेगळा ऐकू येते का मंग?"

"फारसा नाही."

कृष्णरावांनी जरा विचार केला आणि धानाचा विषय काढला.

भुपेंद्र रोज अर्धा तास तेवढा वाजवायचा. खांदा त्याहून जास्त सोसत नव्हता.

जानेवारीत मेघा आली. अकरा वर्षं ती त्याची विद्यार्थिनी होती आणि आता त्याच्याच जागी ऑर्केस्ट्रात वाजवत होती. पुढच्या महिन्यातल्या कार्यक्रमात बासवर तिला एकटीने वाजवायचा एक छोटा भाग होता. तो बसत नाही म्हणून ती तुमसर रोड स्टेशनला उतरून ऑटोने थेट घरी पोचली. जेवणाआधी भुपेंद्रने तिला आपला बास दिला, "तू हात मोकळा कर," म्हणाला आणि मागच्या अंगणात जाऊन उभा राहिला.

आतून सूर येऊ लागला. थोड्या वेळाने त्याची आई, ललिताबाई, स्वयंपाकघरातून ओरडली, "भुपेंद्र, पुरे कर आता! खांदा दुखन तुहा."

"माय, मी इथं आहो. मागं."

ललिताबाई हातातला झारा घेऊनच दारात आली. "मंग आत कोण वाजवून राहिलं?"

"मेघा."

"काहीतरीच. पाच महिन्यांपासून ऐकून राहिली मी. तो एक सूर येवाले जरासा टाइम लावते ना दरवेळेस, तसाच लावून राहिला."

भुपेंद्रने कान दिला. खरंच होतं. त्याने नकळत डाव्या हाताची करंगळी मुठीत धरली.

तो सतरा वर्षांचा असताना ती मळणी यंत्राच्या पट्ट्यात सापडली होती. हाड वाकडं जुळलं. पुढे मुंबईत एका वाद्यदुरुस्तीच्या दुकानात काम करता करता तो बास शिकला, तेव्हा जिथे करंगळी पडायला हवी तिथे पूर्ण हात खाली सरकवून दुसऱ्या बोटाने सूर गाठायची सवय लागली. त्यात केसभर उशीर व्हायचा. त्याच्या गोवेकर गुरूंनी दोन वर्षं डोकं आपटलं आणि नाद सोडला. पुढे लोक म्हणायला लागले, रहांगडालेच्या वाजवण्यात वजन आहे. त्याने कधी कुणाला खुलासा केला नाही.

तो आत गेला. "हात दाखव."

मेघाची करंगळी सरळ, धडधाकट होती.

"त्या सुराला ही का वापरत नाहीस?"

"तुम्ही वापरत नाही म्हणून."

"मला वापरता येत नाही, मेघा." आणि त्याने सगळं सांगितलं.

तिने गज खाली ठेवला. "मला वाटायचं तुम्ही ठरवून थांबता. ऑडिशनला परीक्षकांनी नेमकं तेच थांबणं वाखाणलं होतं, सर. मग आता काय करू?"

"करंगळीने वाजवून बघ," तो कसाबसा म्हणाला.

तिने वाजवलं. सूर वेळेवर आला, स्वच्छ आला, आणि कुणा तिसऱ्याचाच वाटला. मग तिने आधीसारखं वाजवलं. मग पुन्हा करंगळीने. दुपार कलेपर्यंत हेच चाललं. आपला सूर दुसऱ्याच्या हातात जिवंत आहे याचा त्याला आनंद होत होता आणि आपण तिला एक दुखापत शिकवली याची लाजही वाटत होती. शेवटी शेवटी तर कोणतं कसं वाजलं हेच दोघांना ओळखू येईना.

दुसऱ्या दिवशी ऑटोत बसताना मेघाने विचारलं, "आणखी काय काय आहे, सर, जे फक्त तुमच्या हाताचं होतं आणि मी संगीत म्हणून शिकले?"

"मलाही माहीत नाही," तो म्हणाला.

कार्यक्रमाच्या दुसऱ्या दिवशी सकाळी तिचा फोन आला.

"चांगलं झालं म्हणतात."

"कोणत्या बोटाने वाजवलंस?"

"तालमीला करंगळीने. कार्यक्रमात... सर, खरंच आठवत नाही. रेकॉर्डिंग पाठवलंय."

त्याने ते सात वेळा ऐकलं. तिसऱ्यांदा सूर उशिरा आल्यासारखा वाटला, पाचव्यांदा अगदी वेळेवर. ललिताबाईला ऐकवलं तर ती म्हणाली, "मागं लय वाद्यं हायेत रे, मले काही समजत नाही."

मग तो आजवरच्या विद्यार्थ्यांची नावं आठवत बसला. वीसेक निघाली. पहिला मनिष, आता बंगळुरूच्या एका शाळेत स्वतः बास शिकवणारा. भुपेंद्रने त्याला फोन लावला.

"मनिष, तुझी करंगळी कशी आहे?"

"करंगळी? बरी आहे, सर. का? काय झालं?"

"थांब," भुपेंद्र म्हणाला, "जरा बास घे आणि मला काहीतरी वाजवून दाखव."