पहिला पंप

ठकीच्या झबल्यांच्या घड्या घालायला तिनं आजही दोन खोल्यांमधल्या बोळातली जागा धरली. पलंगावर उजेड होता, पंखा होता, घड्याही नीट बसल्या असत्या. पण पलंगावरून लहान खोलीतलं काही ऐकू येत नसे. इथे बंद दाराला पाठ लावून बसलं की येई. दाराला कान लावणं तिला शोभलं नसतं. पाठ टेकायला कोण काय म्हणणार होतं?

"डावीकडचा व्हॉल्व्ह अर्धा उघडलास," आत नवरा म्हणत होता. "हात लावून पाहिलास. कोमट लागतोय. बरोबर?"

मग थोडी शांतता. पलीकडचं बोलणं त्याच्या हेडफोनमध्ये जिरत असणार. मग त्याचं हसणं. मोठं नव्हे, नाकातल्या नाकात. ते हसणं तिच्या चांगल्या ओळखीचं होतं. तो जमिनीवर आल्यापासून मात्र ते तिच्या वाट्याला आलं नव्हतं.

तिनं हातातल्या झबल्याची घडी मोडली आणि पुन्हा घातली.

लग्न झालं तेव्हा तो जहाजावर इंजिनियर होता. महिनोन्‌महिने समुद्रावर, तेही डेकवर नाही, खाली इंजिनाच्या पोटात. ठकी झाली तेव्हाही तिकडेच होता. मग कंपनीनं नवी सोय काढली. जहाजांच्या इंजिनांवर किनाऱ्यावरून नजर ठेवायची, स्क्रीनवर तापमान आणि दाब बघायचा, अडलं की जहाजावरच्या माणसाला आवाजानं वाट दाखवायची. आठवड्याचे दोन दिवस ऑफिसात, बाकीचे घरून. तिच्या माहेरी सगळ्यांना हायसं वाटलं. ताई तर म्हणाली, आता नवऱ्याची किरकिर कर, आमच्यासारखी हो एकदाची.

किरकिर करायलासुद्धा समोरच्यानं ऐकावं लागतं, हे ताईला कुठे माहीत होतं.

इंजिनरूममध्ये आवाज एवढा असतो की सांगितलेलं निम्मं हवेतच विरतं. म्हणून तिथली रीत अशी: ज्याला सांगितलं त्यानं ते शब्द परत म्हणून दाखवायचे, सांगणाऱ्यानं 'बरोबर' म्हणायचं आणि मगच हात हलवायचा. ही खोड त्यानं फोनवरही आणली होती. लाइन तुटक, आवाज खरखरीत, आणि हा पठ्ठ्या सगळं परत म्हणणार.

"ठकीला दात आला."

"ठकीला दात आला. खालचा?"

"खालचा."

"खालचा. बरोबर?"

पोपट आहेस नुसता, असं ती तेव्हा म्हणायची. पण हळूहळू तिला त्याची सवय लागली, आणि मग गरज. दिवसभरात जे झालं ते तो परत म्हणेपर्यंत झाल्यासारखं वाटत नसे. सासूबाईंचा टोमणा, उतू गेलेलं दूध, ठकीचा श्वास चालू आहे ना म्हणून तिच्या नाकापाशी धरलेलं बोट, सगळं ती सांगायची. हजारो मैलांवरून तिचेच शब्द त्याच्या आवाजात परत यायचे आणि आल्यावर निम्म्या वजनाचे झालेले असायचे.

आता तो एका भिंतीपलीकडे होता आणि म्हणायचा, "हं."

ठकीनं आज जेवताना त्रास दिला. हं. खालच्या मजल्यावरची बाई पुन्हा आवाजावरून बोलली. हं. एकदा तिनं मुद्दाम, तोंड अगदी सरळ ठेवून सांगितलं होतं, "गीझरमधून साप निघालाय."

"हं. संध्याकाळी बघतो," तो म्हणाला होता.

थर्डबद्दल मात्र त्यानं आपणहून सांगितलं होतं. एका जुनाट जहाजावर नवी पोरगी आली होती. हुद्द्यानं तिसरी इंजिनियर, म्हणून सगळे तिला थर्ड म्हणत. हुशार आहे पण घाबरते, तो म्हणाला, कुणीतरी सोबत लागतं. बाकीच्यांशी तो ऑफिसच्या भाषेत बोले. थर्डशी आपल्या मराठीत. का, तर घाबरलेल्या माणसाला स्वतःच्या भाषेत पटकन कळतं.

तिनं हे ताईला फोनवर सांगितलं, म्हटलं तर सहज, म्हटलं तर नाही.

"थर्ड म्हणजे तिसरीच ना गं?" ताई म्हणाली. "मग शोभतंय नाव." आणि स्वतःच्या विनोदावर स्वतःच खोखो हसली.

ताईचं हसून झालं. हिच्या डोक्यातून मात्र ते नाव जाईना. एकदा चहा द्यायला गेली असताना तिनं स्क्रीनवर थर्डला पाहिलं होतं. ढगळ बॉयलरसूट, गालावर काळा ओरखडा, केस टोपीत कोंबलेले. हेवा करण्यासारखं काहीच नव्हतं. पण नवरा त्या चेहऱ्याकडे असा बघत होता, की त्यावरची रेघ जरी हलली तरी त्याला समजेल. तिनं नवा कुडता घातलेला होता. कप ठेवताना तिची बाही त्याच्या हाताला घासली. त्यानं कप उचलला, बाही नाही.

तेव्हापासून थर्डचा फोन असला की तिला नेमकं मिक्सर लावायचं सुचे. कधी ती लहान खोलीचं दार किलकिलं करून ठकीला रांगायला मोकळी सोडी. तो ठकीला एका हातानं उचलून मांडीवर घेई आणि बोलणं चालूच ठेवी. ठकीचं बरंच होई. हिचा नुसता जळफळाट.

लसीच्या दिवशी मात्र तो स्वतःच म्हणाला होता, मी येतो. सुई टोचताना ठकी किंचाळते ते आईला एकटीला सोसवत नाही, हे त्याला कुठूनतरी आठवलं होतं. ती सकाळपासून त्या एका वाक्यावर तरंगत होती. ठकीला तयार केलं, पिशवीत दुपटं, बाटली, लसीचं कार्ड घातलं. एवढा एक पंप बदलून होऊ दे, की निघू, तो म्हणाला.

ठकीनं आदल्या दिवशी हेडफोनची वायर चघळून त्याचे बारा वाजवले होते. त्यामुळे आज लॅपटॉपचा स्पीकर उघडा होता आणि दारही. ती चपला घालून, ठकीला कडेवर घेऊन उंबऱ्यात उभी राहिली. थर्डचा आवाज तिनं त्या दिवशी पहिल्यांदा ऐकला. बसका, दमलेला, कुठल्याही बाईचा असावा तसा. त्याच्याखाली इंजिनाची घरघर होती, मोठ्या जनावरानं झोपेत केल्यासारखी. सगळी खोली तिनं भरून गेली होती.

"पहिला पंप चालू, दुसरा चालू," थर्ड म्हणाली.

"दुसऱ्याचा दाब नीट चढेपर्यंत पहिल्याला हात लावायचा नाही. इंजिन थंड ठेवणारं पाणी अजून पहिल्याचंच आहे. मी 'बंद कर' म्हणेन, मग."

"दाब चढेपर्यंत पहिल्याला हात नाही. तुम्ही म्हणाल, मग बंद."

"बरोबर."

एवढा मऊ 'बरोबर'. ती पिशवीचा बंद बोटाला गुंडाळू लागली.

"घामानं दिसत नाहीये, सर."

"पूस. घाई नाही. मी आहे."

बंद बोटात रुतला. कळा सुरू झाल्या होत्या तेव्हा दवाखान्याच्या खाटेवर फोन कानाशी धरून तिनं हेच दोन शब्द ऐकले होते, ह्याच आवाजात. ती समजत होती की ते तिचे आहेत.

"दवाखाना बंद व्हायची वेळ झाली," ती म्हणाली.

त्यानं मागे न बघता पंजा वर केला, रस्त्यात गाडी थांबवतात तसा. स्क्रीनवरचा आकडा किंचित वर चढून पुन्हा खाली येत होता. तो पुढे झुकला.

मग तिनं आवाज चढवला. नवऱ्याला ऐकू जायला लागला असता त्यापेक्षा जास्त. लॅपटॉपच्या पलीकडेही कुणाला तरी कळावं, की ह्या खोलीत अजून एक बाई आहे.

"बंद कर आता."

ठकीला आईचा चढा आवाज म्हणजे खेळच वाटला. ती चीत्कारली आणि बापाच्या अंगावर झेपावली. तो वळला. त्यानं तिला कसंबसं झेललं, आणि तिचं तोंड त्याच्या कानापाशी असतानाच स्पीकरमधून आलं, "पहिला बंद करते, सर."

त्याला ते ऐकू आलं नाही. तो बायकोकडे बघत होता.

"हं, हं," तो बायकोला म्हणाला.

तिनं पिशवी ह्या खांद्यावरून त्या खांद्यावर घेतली.

"बंद केला," थर्ड म्हणाली.

आधी घरघर बारीक झाली. मग एक घंटा वाजली, मग दुसरी, मग त्या दोन्हींवर तिसरी. आणि खोलीत भरलेला तो आवाज कुणीतरी बूच काढल्यासारखा वाहून गेला. पलीकडे लोखंडी जिन्यावरून माणसं धावत होती.

त्यानं ठकीला तिच्या हातात दिलं, ओझं उतरवून ठेवावं तसं. देताना एकदाच तिच्या चेहऱ्याकडे पाहिलं. मग पाठ फिरवून म्हणाला, "थर्ड, ऐक. रडायचं नाही. पहिला परत उघड."

"पहिला परत उघडते."

दवाखान्यात ती एकटीच गेली. सुई टोचली तेव्हा ठकी किंचाळली, आणि हिच्या डोळ्यांतून पाणी आलं तेव्हा नर्स म्हणाली, आईनंच असं केलं तर कसं व्हायचं.

परत आली तोवर जहाज चालू झालं होतं. बराच वेळ ते नुसतं लाटांवर डुलत पडलं होतं. आसपास दुसरं जहाज नव्हतं म्हणून निभावलं, कुणाला इजा झाली नाही. लहान खोलीत तो वरिष्ठांशी बोलत होता. दार उघडंच होतं. आज पाठ टेकायची गरज नव्हती.

"नाही, तिची चूक नाही. तिनं परत म्हणून दाखवलं होतं. होकार माझ्याकडून गेला." मग ऐकून घेणं. "हो, घरूनच." पुन्हा ऐकून घेणं, ह्या वेळी जास्त. "नाही. खोलीत मी एकटाच होतो."

ती स्वयंपाकघरात गेली आणि नळ सोडून त्याच्याखाली काहीही न धुता उभी राहिली.

संध्याकाळी ती म्हणाली, ठकीला ताप येईल म्हणालेत, औषध दिलंय. त्यानं औषधाची बाटली उजेडात धरून वाचली, ठकीच्या कपाळाला हात लावला. 'हं'सुद्धा म्हणाला नाही. ती रात्रभर वाट बघत होती, की तो विचारेल. विचारलं असतं तर ती भांडली असती, रडली असती, वायरीवरून, लसीवरून, 'मी आहे'वरून. त्यानं विचारलं नाही.

कंपनीनं घरून काम बंद केलं. आता सगळे दिवस ऑफिसात, काचेच्या खोलीत, दोघा वरिष्ठांच्या देखरेखीखाली. तो ठकी उठायच्या आधी निघे आणि ती झोपल्यावर येई. थर्डचं जहाज दुसऱ्याकडे दिलं. लहान खोलीत तिनं ठकीची खेळणी मांडली. ठकी त्या दारापर्यंत रांगत जाई, रिकाम्या खुर्चीकडे बघे आणि आईकडे वळून भुवया वर करी. ताईचा फोन आला तेव्हा ताई म्हणाली, चला, तिसरी गेली एकदाची. ती म्हणाली, हो. ह्या वेळी ताईसुद्धा हसली नाही.

मग एका दुपारी ठकीला झोपवून ती बोळात उगाच बसली होती, तेव्हा त्याचा फोन आला. ऑफिसातून तो कधी फोन करत नसे. मागे जिना असावा; आवाज घुमत होता.

"झोपली का?" त्यानं विचारलं.

"आत्ताच. आज धरून उभी राहिली. तुझ्या खुर्चीला."

"धरून उभी राहिली," तो म्हणाला. "माझ्या खुर्चीला. बरोबर?"

तिनं फोन दोन्ही हातांनी धरला. "बरोबर," ती म्हणाली.

"किती वेळ?"

"मी हाक मारेपर्यंत. मग धपकन बसली."

"तू हाक मारलीस, मग बसली." तो नाकातल्या नाकात हसला.

भिंतीला पाठ लावून तिनं डोळे मिटले. एवढंच तर हवं होतं. हे असंच चालू द्यावं, तिला वाटलं. भाजीचं सांगावं, ताईचं सांगावं, संध्याकाळ होईपर्यंत एकेक सांगत राहावं आणि एकेक परत घ्यावं. जीभ भाजीकडेच वळली होती.

"त्या दिवशी," ती म्हणाली, "ती बंद करते म्हणाली, ते मी ऐकलं होतं."

जिन्यावरून कुणीतरी उतरत गेलं. पावलं लांब जाईपर्यंत तो थांबला.

"ती बंद करते म्हणाली," तो म्हणाला. आवाज तोच, सपाट, एकेक शब्द वेगळा. "ते तू ऐकलं होतंस."

आणि मग, थर्डसाठी थांबायचा तसा, घाई न करता थांबून त्यानं विचारलं:

"बरोबर?"