सहाव्या गाण्यातले अकरा सेकंद

खोलीत कोणीच बोलत नव्हते. प्लेअरमध्ये मी फिरत होतो, पण माझ्यातूनही आवाज येत नव्हता. टेबलाच्या एका बाजूला कय्युमचाचा बसले होते, समोर भाग्येश, आणि दाराच्या चौकटीला टेकून चाचांची मुलगी सबीहा उभी होती. मी बिघडलो आहे असे समजून कोणी बटण दाबायला उठले नाही. ही शांतता कुठून आली, हे तिघांनाही ठाऊक होते.

मित्रांनो, मी एक जुना अल्बम आहे. बारा वर्षांपूर्वी नंदुरबारमध्ये जन्मलेल्या तीनशे सीडींपैकी एक. माझ्या पोटात आठ गाणी आहेत. पाच सगळ्यांच्या ओठांवरची, नव्या वेषात सजवलेली. उरलेली तीन आमची स्वतःची. लोणखेड्याचा भाग्येश पुण्याहून कीबोर्ड शिकून परतला होता. जॅझचे भटके स्वर आणि आपल्या लग्नांत वाजणारी क्लॅरिनेट यांना एका पंगतीत बसवावे, हे त्याचे स्वप्न होते. त्या क्लॅरिनेटसाठी तो कय्युमचाचांकडे गेला. चाचा चाळीस वर्षे बँडमध्ये वाजवत आले होते.

मिरचीच्या एका रिकाम्या गोदामात माझे ध्वनिमुद्रण झाले. पोती गेली होती, पण हवा तिखटच राहिली होती. दुसऱ्या गाण्याच्या ऐन मध्यात ताशा वाजवणारा जाहिद इतक्या जोरात शिंकला की भाग्येशचे हात कीबोर्डवर थबकले.

“भो, शिंक बी रेकॉर्ड व्हयी गयी,” जाहिद नाक पुसत म्हणाला. “तिले बी नाव दे आते!”

सगळे हसले. भाग्येशने शिंक तशीच ठेवली.

सहाव्या गाण्यात मात्र हसू नव्हते. नाचायला लावणारे ते गाणे रंगात आले असताना चाचांनी अचानक क्लॅरिनेट खाली घेतली.

“काय व्हयनं, चाचा?” भाग्येशने विचारले.

“मयत जाई ऱ्हायनी. थांब.”

गोदामाबाहेरून अंत्ययात्रा जात होती. बँडवाल्यांचा हा नेम आहे. वरात कितीही रंगात असो, समोरून मयत आली, किंवा सुतकातले घर लागले, की वाद्ये खाली येतात. तो नेम त्या बंद गोदामातही कोणी मोडला नाही. अकरा सेकंद सगळे उभे राहिले आणि यंत्र चालूच राहिले. मग चाचांनी एक संथ चाल धरली. शोकाच्या दारावरून एकदम नाचाच्या गाण्यावर जाता येत नाही; मध्ये एक पूल लागतो. ती चाल म्हणजे तो पूल होता.

तो पूल चाचांनीच बांधला होता. त्यांची आई बिबीजान वारली, तेव्हा एका लग्नाला शब्द दिलेला होता, म्हणून चौथ्या दिवशी ते वाद्य घेऊन उभे राहिले. ओठांतून पहिली निघाली ती ही चाल. पुढे शहाद्यापासून नवापूरपर्यंत प्रत्येक बँडने ती उचलली. भाग्येशने ती लहानपणापासून इतक्या वरातींत ऐकली होती की ती कोणी माणसाने केली असेल, असे त्याच्या मनातही आले नाही.

मी छापून आलो तेव्हा आठवीतल्या सबीहाने माझे मुखपृष्ठ मोठ्याने वाचले. “शिंक : जाहिद.” घर हसले. “गाणे सहावे. चाल : पारंपरिक.”

“पारंपरिक मतलब?” चाचांनी विचारले.

“जिसका बनानेवाला मालूम नहीं, अब्बा.”

“मतलब मैं मर गया क्या?” ते म्हणाले आणि हसले. या वेळी मात्र ते एकटेच हसले.

भाग्येशला त्यांनी काहीच सांगितले नाही. कोणी न विचारता आपले नाव सांगणे म्हणजे ते मागून घेणे, असे त्यांना वाटे.

मग माझे दिवस आले. दूरच्या एका वर्तमानपत्राने “हरवलेली लोकधून शोधणारा तरुण” म्हणून भाग्येशचे कौतुक केले. इथे मात्र गिऱ्हाइके सीडी परत आणत. म्हणत, सहावे गाणे अडकते. न खपलेल्या प्रती भाग्येशच्या वडिलांनी, चुडामणअण्णांनी, दोऱ्याला बांधून ज्वारीच्या शेतात टांगल्या. माझी भावंडे उन्हात लखलखत फिरत राहिली. आठ दिवसांत पाखरे त्यांना सरावली.

पुढे वरातींत डीजेच्या गाड्या आल्या. दोन वर्षांपूर्वी चाचांचे वरचे पुढचे दात पडले. त्या दातांवाचून क्लॅरिनेट तोंडात टिकत नाही. ती कापडात गुंडाळून कपाटावर गेली. हे बाहेर कोणाला माहीत नाही.

गेल्या महिन्यात सबीहाने भाग्येशला फोन करून चालीची हकिकत सांगितली, दातांची नाही. आज तो चाचांच्या घरी आला. मी नव्याने निघणार आहे, आणि त्यासाठी छापलेले कार्ड त्याने टेबलावर ठेवले : “चाल : कय्युमचाचा.” मग त्याने मला लावले, थेट सहाव्या गाण्यावर.

नाचाची लय मध्येच थांबली आणि अकरा सेकंद सरले. माझ्यातून ती चाल उठली, चालत राहिली, संपली.

“चुकनू मी, चाचा,” भाग्येश मान खाली घालून म्हणाला. “माले वाटनं, ती जुनी शे. तिना बनाडनारा कोनी नही.”

“मायले माती दिन्ही, तव्हय बनाडी मी ती,” चाचा म्हणाले.

मित्रांनो, मी प्लॅस्टिकची एक तबकडी आहे. मला ओरखडा पडला तर फार बिघडत नाही. पण एखादा सूर तुम्हाला फार ओळखीचा वाटला, तर तो कोणाच्या श्वासातून आला, हे विचारा. आणि त्या माणसात श्वास आहे तोवर विचारा. माझ्यावर शिंकेला नाव मिळाले, शोकाला बारा वर्षे मिळाले नाही. हे ओझे मी अजून वाहतो आहे.

“नाव ते लिखाई गयं, चाचा,” भाग्येशने उजळल्या चेहऱ्याने विचारले. “आते आखो एक डाव वाजाडशात का? नवी सीडीकरता?”

सबीहा काही बोलणार होती. चाचांनी हात वर करून तिला थांबवले. त्यांचे मिटलेले ओठ किंचित हलले, जणू नसलेले वाद्य चाचपत होते. मी मोजत राहिलो. अकरा झाले, मग वीस.

चाचांनी कार्ड उचलले, स्वतःचे नाव एकदा वाचले आणि ते सदऱ्याच्या खिशात ठेवले. मग कपाटावरच्या गुंडाळीकडे न बघता चपला पायात सरकवल्या आणि ते गल्लीत उतरले.