शालींखालचे तुंबे

आमच्या उज्जैनीत विद्वानाला बोलताना मांडीवर तुंबा घ्यावा लागतो. सुकवलेला कडू भोपळा, त्यावर एक दांडी आणि एकच तार. तार कोणी छेडत नाही. मालक स्वतःला ठाऊक असलेलं बोलला की ती आपोआप गुंजते. ठाऊक नसलेलं बोलला की डबक्यातल्या बेडकासारखी टर्र करते. चारचौघांत टर्र झाली की माणसाला तोंड लपवायला जागा उरत नाही.

म्हणून शालींची रीत पडली. सुरुवातीला म्हणे भोपळ्याला ओरखडे येऊ नयेत म्हणून एक शाल गुंडाळायचे. मग प्रत्येक सत्काराची शाल तुंब्यावरच चढू लागली. जितका विद्वान थोर, तितका तुंबा जाड. फ्रीगंज भागातल्या नादसभेचे अध्यक्ष यज्ञेश्वरशास्त्री यांचा तुंबा तर धोब्याच्या गाठोड्याएवढा झाला होता. त्यातून गुंजन येत नसे आणि टर्रही येत नसे. लोक त्याला गांभीर्य म्हणत.

यंदा सभेच्या शाळेतली अनसूयाबाईंची गादी रिकामी झाली. त्या गादीवर बसेल तो मुलांना शिकवणार. ऋताला ती गादी हवी होती. अनसूयाबाईंकडेच ती शिकली होती, आणि शिकवण्याखेरीज तिला दुसरं काही करायचं नव्हतं. शास्त्रीबुवांना मात्र तिथे आपला पुतण्या यशोधन बसवायचा होता.

नियमाने उमेदवाराचा तुंबा उघडा हवा. यशोधन तीन शाली गुंडाळून आला.

"नाजूक आहे त्याचा तुंबा, सर्दी होते," शास्त्रीबुवा म्हणाले. सभेने माना डोलावल्या.

दोघांना एकच प्रश्न विचारला: जगातला पहिला तुंबा कोणी घडवला?

यशोधनने ऋषीचं नाव सांगितलं, युग सांगितलं, वार मंगळवार असल्याचंही सांगितलं. गाठोडं गप्प.

"वा! किती शांत विद्वत्ता!"

ऋता म्हणाली, "मला माहीत नाही."

तिची तार अशी गुंजली की टेबलावरचे पाण्याचे ग्लास थरथरले. मागे बसलेले मुलांचे पालक सावरून बसले. पुढच्या रांगेतल्या सौमित्रशास्त्रींनी कानांवर हात ठेवले. "किती हा गोंगाट! आमच्या वेळी असं नव्हतं."

आता पालकांसमोर तिला सरळ नाही कसं म्हणायचं? शास्त्रीबुवा चिटणीस विहंगच्या कानाशी लागले. "सत्कार करून टाक रे तिचा. गादी द्यायची नसली की शाल द्यावी. पोरगी खुश, मामला खतम."

"काका, शाल आणायची राहिली. नारळ आहे फक्त. आणि आज टावर चौकातली दुकानं बंद."

"कमाल करतोस यार!"

पण शास्त्रीबुवा हुशार. त्यांनी आपल्याच तुंब्यावरची वरची शाल सोडली आणि सगळ्यांदेखत ऋताच्या तुंब्याला गुंडाळली. टाळ्या पडल्या. सौमित्रशास्त्रींना त्या टाळ्या सोसवेनात. तेही म्हणाले, "माझ्याकडून दोन!"

"मग माझ्या चार," शास्त्रीबुवा म्हणाले.

झालं. दानशूरपणात मागे कोण राहणार? जरीच्या, पश्मिन्याच्या, नगरपालिकेने दिलेल्या, सासऱ्याने दिलेल्या, सगळ्या शाली एकेका तुंब्यावरून सुटून ऋतापुढे येऊन पडल्या. काकांनी कोपर मारलं तशी यशोधननेही तिन्ही देऊन टाकल्या. शेवटची शाल शास्त्रीबुवांची. टाळ्यांचा कडकडाट झाला. ते तुंबा मांडीवर घेऊन बोलायला सरसावले.

"ऋताने अर्जासोबत जोडलेला प्रबंध मी दोनदा वाचला."

टर्र.

सभा दचकली. शास्त्रीबुवांनी आपल्या तुंब्याकडे असं पाहिलं, जणू कोणी परकं मूल मांडीवर ठेवलंय.

"म्हणजे, एकदा वाचला."

टर्र.

"चाळला."

टर्र.

"मुखपृष्ठ पाहिलं."

तार गोड गुंजली.

मागे पालकांत खसखस पिकली. सौमित्रशास्त्री मदतीला धावले, "तरी गादीला यशोधनच लायक!" टर्र. आणखी एक म्हणाले, "सभेचं एकमत आहे." टर्र. मग कोणी पुढे येईना.

शास्त्रीबुवा ऋताकडे झुकले. "बेटा, त्यातली एक शाल जरा इकडे दे."

"दिलेली शाल परत घेऊ नये, काका. सभेचा नियम आहे," ऋता म्हणाली, आणि ढिगाखालून तिच्या तुंब्याचं बारीक गुंजन आलं.

मागून एका आईने यशोधनला विचारलं, "भैया, तुम्हाला गादी कशाला हवी?"

"मुलांना शिकवायला." टर्र. यशोधनला घाम फुटला. "काका म्हणाले म्हणून!" तार गुंजली, आणि त्याचा चेहरा दाढदुखी थांबल्यासारखा झाला.

विहंगने घसा साफ केला. "गादी... ऋताची." त्याचाही तुंबा गुंजला. विरोध असेल त्याने बोलावं, असं त्याने तीनदा विचारलं. बोलायची कोणाची हिंमत नव्हती. नंतरचे पोहे-जिलबीही सगळ्यांनी मुकाट्याने खाल्ले. पोहे छान झालेत एवढं म्हणायचाही धोका कोणी घेतला नाही.

दुसऱ्या दिवशी टावर चौकातल्या शाली दुपारपर्यंत संपल्या. शास्त्रीबुवांनी रजई घेतली.

ऋताने सत्काराच्या शालींच्या घड्या करून मुलांना बसायला दिल्या. महिन्याभराने शास्त्रीबुवा रजईतला तुंबा घेऊन शाळा तपासायला आले. जरीच्या शालीवर बसलेल्या छोट्या जयूकडे त्यांनी बराच वेळ पाहिलं. मग म्हणाले, "शाळा उत्तम चाललीय. मला पहिल्यापासून हीच मुलगी हवी होती."

रजई गप्प.

जयूने विचारलं, "बाई, आजोबांचा तुंबा बोलत का नाही? मेला का?"

ऋताने शास्त्रीबुवांच्या पिकल्या केसांकडे पाहिलं. म्हातारा माणूस, चारचौघांत कशाला?

"मला माहीत नाही," ती म्हणाली.

तिचा तुंबा एवढ्या जोरात टरटरला की मुलं हसून हसून शालींवर लोळली.