मकबूलची गिटार

बिबवेवाडीचा मकबूल गिटारवर कुठलंही वाद्य वाजवायचा. त्याच्या ऑर्केस्ट्राचे मालक हिंदुराव पक्के काटकसरी. त्यांनी आधी सतारवाल्याला घरी बसवलं, मग सनईवाल्याला. एका लग्नात तर मकबूलने गिटारवर अशी सनई काढली, की वऱ्हाडाने मंगलाष्टकांआधीच अक्षता टाकल्या आणि सगळे जेवायला बसले. खोटं वाटत असेल तर त्या पंगतीत जेवलेली माणसं अजून आहेत.

मकबूलची हौस मात्र एकच होती, गिटार गिटारसारखी वाजवायची. इतक्या दौऱ्यांत ती काही पुरी झाली नाही.

एकदा सांगलीत लोक म्हणाले, "सगळं झकास, पण तुमच्यात गिटार नाही." हिंदुरावांनी पुण्यात येताच गिटारवाला शोधायला घेतला. आलेल्या उमेदवारांत मकबूलही बसला.

"अहो मकबूलमियाँ, आपण इथे वाट चुकलात काय?"

"ऐकून तर घ्या."

मकबूलने सरळ, साधी गिटार वाजवली. हिंदुराव डोळे मिटून ऐकत राहिले.

"हात बरा आहे," ते म्हणाले. "ठेवतो तुम्हाला. पण आता सतार आणि सनई कोण वाजवणार?"

घरी बसवलेल्या त्या दोघांना मकबूलने बाहेर टपरीवर चहा पाजत आधीच बसवून ठेवलं होतं.