ड्रमशॅनाची तिसरी जागा

काल रात्रभर एका काळजीनं माझा डोळ्याला डोळा लागला नाही. मी गेल्यावर मिरनला पुन्हा धाप लागली, तर तिच्या आईनं फोन कुणाला करायचा? आधीची खासदार अट्रॅक्टा आता घरी बसली आहे. आत्ताच्या खासदाराचा, कोल्म टॅन्सीचा फोन त्याचा सेक्रेटरी उचलतो आणि 'निरोप देतो' म्हणतो. माझं तर काय, मला फोन उचलायला हातच नाहीत.

मी ड्रमशॅना मतदारसंघाची तिसरी जागा बोलतेय. डब्लिनच्या, म्हणजे आयर्लंडच्या संसदेतली एक खुर्ची म्हणा हवं तर. पण खुर्चीवर कुणीही येऊन टेकतं; माझ्यावर बसायचं तर आधी तळ्याच्या दोन्ही काठच्या लोकांनी कागदावर आकडे लिहावे लागतात. पुढची निवडणूक जाहीर झाली की मी नसेन. म्हणून आत्ताच बोलून घेते. जमेल की नाही, शंकाच आहे. जन्मभर मी एक तर रिकामी होते, नाहीतर दुसऱ्याच्या नावानं ओळखली जात होते. स्वतःबद्दल बोलायची सवय अशी नाहीच.

देश नवा होता, तेव्हा कुणा एका अधिकाऱ्यानं नकाशावर आमच्या तळ्याभोवती रेघ ओढली आणि ड्रमशॅना मतदारसंघ जन्माला आला. आम्ही चार बहिणी, म्हणजे चार जागा. घरात माणसं भरपूर होती त्या काळी. एकेका खोपटात दहा-बारा मुलं. चार खासदार मिळायचे आम्हाला, आणि त्या चौघांनाही पुरून उरतील इतकी भांडणं.

आमच्याकडे मतपत्रिकेवर फुली मारून भागत नाही. आवडत्या उमेदवारापुढे एक लिहायचा, त्याच्या खालोखाल जो चालेल त्याच्यापुढे दोन, मग तीन. पहिल्या पसंतीची मतं ज्याला भरपूर, त्याला थोरली बहीण मिळते. मग ज्यांची मतं सगळ्यात कमी त्यांना तळापासून एकेक करून बाद करायचं, आणि त्यांच्या कागदांवरचा पुढचा आकडा बघून ती मतं उरलेल्यांना वाटायची. असं करत करत धाकटीपर्यंत यायला कधी कधी तिसरा दिवस उजाडतो.

माझ्यावर पहिला बसला तो उल्टन हेनेगन. गावात त्याचा दारूचा गुत्ता होता आणि मागच्या खोलीत लोकांची कामं चालायची. पेन्शन अडली, रस्ता खचला, पोराला नोकरी हवी, सगळं त्या खोलीत. या माणसानं मतदारसंघातली एकही अंत्ययात्रा चुकवली नाही. शवपेटीमागे चालता चालता बायकोला हळूच विचारायचा, "सेलिया, गेलं कोण?" ती पुटपुटायची, "म्हातारा कॉनरॉय. आणि हसू नकोस." मग हा विधवेचा हात हातात घेऊन डोळ्यांत पाणी आणायचा. खरं पाणी असायचं ते. मला माहीत आहे, कारण परतीच्या वाटेवरही ते थांबायचं नाही.

उल्टन गेला तेव्हा पोटनिवडणुकीला सेलिया काळे कपडे घालून उभी राहिली आणि निवडून आली. संसदेत ती फारशी बोलली नाही. पण कुणाचं काय अडलंय ते तिला नवऱ्यापेक्षा जास्त ठाऊक होतं.

तिच्याच काळात आमची चौथी बहीण गेली. बोटी भरभरून पोरं इंग्लंडला जात होती. नाताळला परत यायची, जानेवारीत बंदरावर आया रडायच्या. डोकी कमी झाली म्हणून जागा कमी झाली. चौथी गेली आणि मी धाकटी झाले, सगळ्यात शेवटी भरणारी. थोरलीचा निकाल जेवणाच्या आत लागायचा. माझ्या वेळेला सभागृहातले दिवे अर्धे विझवलेले, फ्लास्कमधला चहा गार, कार्यकर्ते कोटाची उशी करून आडवे झालेले. मला कधी कुणी चटकन पसंत केलं नाही, याचं वाईट वाटायचं. माझ्यातच काही कमी आहे का, असं मनात येत राहायचं.

मग अट्रॅक्टा आली.

अट्रॅक्टा गिलहूली या भागातली परिचारिका होती. बाळंतपणं, ड्रेसिंग, म्हाताऱ्यांची इंजेक्शनं, सगळं एका खडखडणाऱ्या छोट्या गाडीतून. अर्धा मतदारसंघ तिच्या हातांत जन्मला. एकदा सभेत एक जण उठून म्हणाला, "माझा बाप तुमच्या पक्षाला कधी मत देत नसे." ती म्हणाली, "तुझ्या बापाचं मला नको सांगूस. त्याच्या अंगाला पहिलं पाणी माझ्या आईनं लावलं आणि शेवटचं मी."

ड्रमशॅनाच्या दवाखान्याबाहेर रात्रीची अँब्युलन्स उभी असायची, ती तिच्यामुळे. आरोग्य खातं दर दोन वर्षांनी म्हणायचं, ही गाडी मोठ्या गावाला हलवू. दर दोन वर्षांनी अट्रॅक्टा डब्लिनला जाऊन मंत्र्यांच्या दाराशी ठिय्या द्यायची आणि गाडी राहायची.

त्या गाडीवर ज्यांचा जीव टांगलेला होता, त्यांत डर्व्हला होती. तळ्याच्या पूर्वेकडे, डांबरी रस्ता संपतो तिथे तिचं घर. मुलगी मिरन, तेव्हा चार वर्षांची, दम्याची. डर्व्हला ग्रंथालयात काम करायची. दम्यावर इतकी पुस्तकं वाचली होती की बिचारीला आता साधा खोकलाही ऐकवत नव्हता. मिरन झोपली की ही शेजारी बसून श्वास मोजायची. मग स्वतःवरच वैतागायची, की असं मोजत बसणारी आई पोरीला आणखी आजारी करत असेल. पण गाडी दहा मिनिटांत येते, एवढं मनाला सांगितलं की तिला झोप लागायची.

आणि मग ती निवडणूक आली. माझी शेवटची, हे तेव्हा ठाऊक नव्हतं.

अट्रॅक्टाच्या पक्षाला या वेळी एक नव्हे, दोन जागा हव्या होत्या. तिच्या जोडीला कोल्म टॅन्सी उभा केला, घरं-जमिनी विकून देणारा, तरतरीत. पश्चिमेच्या लोकांनी अट्रॅक्टाला एक आणि कोल्मला दोन द्यायचा, पूर्वेच्या लोकांनी उलटं, अशी वाटणी ठरली. पूर्वेकडे घरोघर फिरायला मॅलकी होता, डेअरीतून निवृत्त झालेला, सगळ्यांच्या ओळखीचा.

"यंदा कोल्मला एक, अट्रॅक्टाला दोन," तो डर्व्हलाच्या दारात म्हणाला.

"अहो मॅलकी, मी कायम अट्रॅक्टालाच एक देते."

"सगळेच देतात गं! तिला काय, तेवढ्या सगळ्यांची गरज नाही. कोल्म धोक्यात आहे. दोघं आले तर तुझ्या अँब्युलन्ससाठी भांडायला दोन तोंडं होतील की नाही?"

"पण ती नक्की येईल ना?"

"अट्रॅक्टा? तिला पाडायचं तर तळं आटवावं लागेल!"

डर्व्हलानं दोनदा विचारलं, मॅलकीनं दोनदा तेच सांगितलं. तो खोटं बोलत नव्हता. त्याला तसंच वाटत होतं.

वाईट हे झालं की पश्चिमेलाही सगळ्यांना तसंच वाटलं. चर्चच्या फाटकाशी, गुरांच्या बाजारात, केस कापायच्या दुकानात एकच वाक्य. "अट्रॅक्टा काय, येणारच. यंदा एक नंबर त्या बिचाऱ्या कोल्मला देऊ." तिकडच्या लोकांना तर हे कुणी सांगितलंही नव्हतं. प्रेमानंच करत होते. एखाद्या बाईवर इतका विश्वास टाकायचा की तिला मत द्यायचीच गरज वाटू नये! मी आतल्या आत आक्रोश करत होते, पण जागेचं कोण ऐकतं? जागा दिसते ती रिकामी झाल्यावर.

डर्व्हलानं शाळेतल्या मतदान केंद्रात मिरनला कडेवर घेऊन, दोरीला बांधलेल्या पेन्सिलीनं कोल्मपुढे एक लिहिला आणि अट्रॅक्टापुढे दोन. लिहून झाल्यावर कागदाची लगेच घडी केली नाही. थोडा वेळ बघत राहिली. मग मागे रांग आहे म्हणून निघाली.

दुसऱ्या दिवशी क्रीडा सभागृहात पेट्या उघडल्या. आमच्याकडे पक्षांची माणसं कठड्यावर ओणवून बसतात आणि कागद उलगडताना कुणाला किती एक पडले, ते पेन्सिलीनं टिपत जातात. चहाच्या वेळेपर्यंत त्यांना निकाल कळलेला असतो. मॅलकीही होता. पश्चिमेच्या पहिल्या पेटीपाशी त्याची पेन्सिल थांबली.

"अट्रॅक्टाचे एक कुठे आहेत रे?" त्यानं शेजारच्याला विचारलं.

"दोन बघ तिचे. जिथे तिथे दोनच दोन."

"दोन घेऊन काय करू?"

"मला काय विचारतोस? घरोघर तूच हिंडत होतास ना?"

थोरली विरोधकांच्या माणसाकडे गेली. मधली एका खडीच्या खाणवाल्या अपक्षानं पटकावली, हे कुणाच्याच हिशेबात नव्हतं. उरले मी आणि एकाच पक्षाचे दोघं. अट्रॅक्टाला दिलेले ते सगळे दोन कोल्मच्या गठ्ठ्यात होते. कोल्म बाद झाला असता, तर ते उघडले असते आणि तिच्याकडे आले असते. पण कोल्म शेवटपर्यंत टिकला. त्याच्या एकाच्या आड तिचा दोन तसाच पडून राहिला. कुणी पाहिलाही नाही. फेरमोजणी झाली. डझनभर मतांनी अट्रॅक्टा पडली.

ती स्वतः उठून कोल्मला हात मिळवायला गेली. त्याचा चेहरा असा झाला होता, जसं दुकानातून चुकून दुसऱ्याची पिशवी घरी आणली आहे. वाईट माणूस नाही तो. पुढची तीन वर्षं माझ्यावर अगदी कडेला बसला. अँब्युलन्सचा विषय निघाला तेव्हा एक प्रश्न विचारला, त्याचं लेखी उत्तर आलं, ते त्यानं वर्तमानपत्राला पाठवलं. गाडी मोठ्या गावाला गेली.

त्या हिवाळ्यात मिरनला जोराचा झटका आला. अँब्युलन्स निघाली होती, पण डोंगरापलीकडून. डर्व्हलानं वाट बघितली नाही. पोरीला मागच्या सीटवर बांधलं आणि स्वतः गाडी हाकत निघाली. अर्ध्या वाटेत पेट्रोल पंपावर दोन्ही गाड्या भेटल्या. ऑक्सिजन लावेपर्यंत मिरनचे ओठ निळे पडले होते. वाचली. चार दिवसांनी घरी आली, खेळायलाही लागली. पण डर्व्हला आता रात्री श्वास मोजताना मनाला काहीच सांगू शकत नाही.

त्यानंतर मतदारसंघ आखणाऱ्या आयोगाचा अहवाल आला. डोकी आणखी कमी झाली होती. तळ्याचा पश्चिम काठ शेजारच्या एका मतदारसंघाला, पूर्व काठ दुसऱ्याला. माझ्या दोन बहिणींना एकेक घर मिळालं. मला कुणी मागितलं नाही. ड्रमशॅना हे नाव आता मतपत्रिकेवर येणार नाही. निवडणूक लागेपर्यंत कोल्म बसेल माझ्यावर, मग मीही संपले.

मला नाहीसं होण्याचं दुःख नाही, असं म्हणणार होते, पण आहे. त्याहून जास्त दुःख आहे ते त्या न उघडलेल्या आकड्यांचं. तुम्हाला एवढंच मागते, जो हवा आहे त्याच्यापुढे एक लिहा. 'तो काय, येणारच' असं सगळे म्हणत असले, तर आधी लिहा.

गेल्या शनिवारची गोष्ट सांगते आणि थांबते.

अट्रॅक्टा दुकानाबाहेर पिशव्या गाडीत ठेवत होती. एक शेतकरी टोपी काढून म्हणाला, "अट्रॅक्टा, मी तुम्हालाच एक दिला होता, देवाशपथ."

"ठाऊक आहे रे. सगळ्यांनीच दिला होता," ती म्हणाली. "मला पाडलं ते मेलेल्यांनी. आणि त्यांना खांदा द्यायलाही मीच गेले होते."

तो हसत गेला. मागे डर्व्हला उभी होती, मिरनचा हात धरून. तिलाही तेच म्हणायचं होतं. तेवढं म्हणून मोकळं व्हायचं, घरी जायचं. तोंड उघडलं आणि निघालं दुसरंच.

"मी तुम्हाला एक दिला नाही. दोन दिला. मला वाटलं तुम्ही येणारच."

अट्रॅक्टानं पिशवी खाली ठेवली.

"तीन वर्षांत हे खरं सांगणारी तू पहिली," ती म्हणाली. मग वाकून मिरनला विचारलं, "छाती कशी आहे गं तुझी?"

"बरी आहे," मिरन म्हणाली. मग आईकडे वळली. "दोन दिला तर काय होतं?"

"काही नाही गं. तो दोन कुणी बघितलाच नाही."

"कुणीच नाही?"

"कुणीच नाही."

मिरननं जरा विचार केला. मग आईचा हात सोडून अट्रॅक्टाचा धरला.

"मग तो अजून पेटीतच असेल," ती म्हणाली. "चला, आपण तिघी जाऊन काढू या."