दिव्याचं पुस्तक

"वरची नको काढूस, भिजलीत! मधलं बघ!" मी खालून ओरडले. माझा नवरा रायनहोल्ट रविवारचा कोट घालून पुस्तकांच्या ढिगाऱ्यावर ओणवा झाला होता. मी पोतं धरून उभी.

लाइप्झिगबाहेरचा हा कोळशाच्या जुन्या खाणीचा खड्डा. बर्लिनची भिंत पडली आणि दुकानदारांना एकाएकी पश्चिमेकडचीच पुस्तकं हवीशी झाली. आमच्या पूर्व जर्मनीतली कोरी करकरीत पुस्तकं गोदामातून ट्रक भरभरून इथे आणून ओतली. त्यांत रायनहोल्टचंही होतं. दिवा आणि वाचन यांचा इतिहास: मेणबत्तीपासून विजेपर्यंत माणसं कशी वाचत आली, कवींनी उजेडावर काय लिहिलं. त्यात त्याचं अर्धं आयुष्य गेलं. लेखकाच्या वाट्याच्या प्रती त्याने ऐटीत वाटून टाकल्या. "दुकानातून हव्या तेवढ्या आणू की," म्हणाला. आता घरात एकही नव्हती.

"चुलीला नेताय का, आजोबा?" राखणदाराने विचारलं. "ओली पेटायची नाहीत."

"चुलीला नाही रे बाबा, कपाटाला," मी म्हटलं.

"मग उरका लवकर. उद्या माती लोटणारेत वर."

त्याच्या पुस्तकाचा गठ्ठा सापडला, पण पानं चिकटून त्याची वीट झाली होती. रायनहोल्टने सुतळी तोडली. मधोमध एक प्रत बरी निघाली, नुसती दमटलेली. मला इतका आनंद झाला की राखणदाराच्या देखत मी टाळी वाजवली.

रायनहोल्ट मात्र खाली येईना. आणखी काहीतरी उपसत होता. शेवटी चिखलाने माखलेलं एक जाडजूड पुस्तक त्याने पोत्यात टाकलं. वरचं नाव वाचून माझं डोकं फिरलं. डॉक्टर आर्नो टीमे! प्रकाशकाने रायनहोल्टचं हस्तलिखित ज्याच्याकडे अभिप्रायासाठी पाठवलं होतं, तोच हा टीमे. 'या विषयाची आज गरज नाही,' असं लिहून त्याने दिव्याचं पुस्तक वर्षानुवर्षं अडकवून ठेवलं होतं.

"याचं कशाला? ह्याने तुझा छळ मांडला होता!"

"मागच्या हिवाळ्यात गेला तो, इर्मगार्ड. मूलबाळ नाही. त्याचं न्यायला कोण येणार?"

"आणि पुस्तक तरी बरं आहे का?"

"कंटाळवाणं आहे," तो म्हणाला आणि हात धरून माझ्या आधाराने खाली उतरला.

घरी आल्यावर त्याने टीमेला शेगडीजवळ ठेवलं आणि स्वतःच्या पुस्तकाला खिडकीत. मी भांडी आपटत विचारलं, "त्याचा मान पहिला का?"

"ते जास्त भिजलंय."

चष्मा लावून तो बसला. लोणी लावायच्या सुरीने टीमेची पानं एकेक करून सोडवू लागला. एखादं फाटलं की थांबायचा, तुकडा जागेवर बसवायचा. कॉफी गार झाली तरी मान वर नाही.

माझा राग काही गेला नव्हता. दुसरी सुरी घेऊन मी खिडकीतलं पुस्तक उचललं आणि त्याच्यासमोर बसले.